येताना कर्जाचा उतारा आणा, व्याजाचा दाखला नको

(आमच्याकडे गृहकर्जाच्या कामासाठी येणाऱ्या ग्राहकांसाठी)

खुर्चीत बसता बसताच बहुतेक जण एक वाक्य बोलतात : "साहेब, सव्वीस हजार हप्ता आहे, बघा काही कमी होतो का." आम्ही विचारतो, मुद्दल किती बाकी? दर सध्या किती चालू आहे? हप्ते किती उरले? मग पिशवीतून एक कागद निघतो. तो असतो इंटरेस्ट सर्टिफिकेट, सीएने मागितलं म्हणून मार्चमध्ये काढलेलं. वर्षभरात व्याज किती गेलं आणि मुद्दल किती फिटलं, एवढंच त्यात असतं. दर नाही, उरलेले हप्ते नाहीत. मग बँकेच्या ॲपचा पासवर्ड आठवत नाही, मुलाला फोन लावायचा, तो सातपूरच्या कारखान्यात पहिल्या पाळीत, फोन लॉकरमध्ये. अर्धा दिवस गेला. तुमचा रजेचा, आमचा कामाचा.

आम्हाला लागतो तो लोन अकाउंटचा उतारा, पहिल्या दिवसापासूनचा, आणि सोबत चालू रीपेमेंट शेड्यूल, म्हणजे हप्त्यांचं वेळापत्रक. शाखेत मिळतं, ॲपवरही मिळतं. हे दोन कागद असले तर अर्ध्या तासात तुमचं कर्ज कुठे उभं आहे ते सांगता येतं. नसले तर आम्ही नुसते अंदाज बांधत बसतो, आणि अंदाजावर लाखांचे निर्णय आम्ही देत नाही. काही जणांना हा आमचा आडमुठेपणा वाटतो. कागदांचा हट्ट का, ते खाली वाचा.

हप्ता तोच, कर्ज बदललेलं

तीस लाखांचं कर्ज, २० वर्षं, साडेआठ टक्के. हप्ता बसतो २६,०३५ रुपये. वीस वर्षांत तुम्ही भरता ६२ लाख ४८ हजार, म्हणजे मुद्दलापेक्षा व्याजच जास्त. हे बहुतेकांना मोघम माहीत असतं. माहीत नसतं ते पैसे कोणत्या क्रमाने फिटतात ते. पहिल्या हप्त्यातले २१,२५० रुपये व्याजात जातात, मुद्दलाला मिळतात ४,७८५. पाच वर्षांनी हिशेब काढला तर भरलेले असतात १५ लाख ६२ हजार आणि मुद्दल उतरलेलं असतं साडेतीन लाखांच्या आसपास. बाकी अजून २६ लाख ४४ हजार. निम्मं मुद्दल फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात.

यात बँकेने काही लबाडी केलेली नाही, एवढं आधी सांगून टाकतो, कारण हा आकडा ऐकून आमच्या टेबलावर हात आपटणारेही पाहिले आहेत. बाकी रकमेवर व्याज लागतं, सुरुवातीला बाकी मोठी, म्हणून व्याज मोठं. शाळेतलंच गणित.

खरी गोम पुढे आहे. आपल्याकडची बहुतेक गृहकर्जं फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची. १ ऑक्टोबर २०१९ पासून व्यापारी बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या दराला, बहुधा रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराला (ती बँकांना ज्या दराने पैसे देते त्याला), जोडलेली असतात आणि निदान तीन महिन्यांतून एकदा त्यांचा दर नव्याने ठरतो. रेपो २०२० च्या मे महिन्यात ४ टक्क्यांवर होता. मे २०२२ पासून चढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५० वर गेला. नऊ महिन्यांत अडीच टक्के.

समजा २०२१ मध्ये कोणी ६.७५ टक्क्यांनी तीस लाख घेतले, २० वर्षांसाठी. हप्ता २२,८११. दीड वर्षाने बाकी २८ लाख ८८ हजार. आता दर एका दमात ९.२५ झाला असं धरू (प्रत्यक्षात पायरी पायरीने झाला, पण समजायला हे सोपं). त्या महिन्याचं व्याजच होतं २२,२६१. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलाला उरतात साडेपाचशे रुपये. या वेगाने कर्ज फिटायला लागतात ४८५ महिने. चाळीस वर्षं! मूळ मुदतीत फेडायचं तर हप्ता २७,२०० करावा लागतो.

बँका चाळीस वर्षं देत नाहीत, निवृत्तीचं वय आडवं येतं, म्हणून कुठे ना कुठे हप्ता वाढवतातच. पण त्याआधी जेवढी ताणता येईल तेवढी मुदत ताणली जाते. खात्यातून कापली जाणारी रक्कम तीच राहते, त्यामुळे घरात कोणाला पत्ता लागत नाही. एक एसएमएस येतो, तो वीज बिल आणि लग्नाच्या शुभेच्छांच्या गर्दीत हरवतो. त्या काळात आमच्याकडे आलेल्या कित्येकांना २०४१ ला संपणारं कर्ज २०५० च्या पुढे गेल्याचं आमच्या टेबलावरच कळलं. हप्ता मात्र त्यांना पैशापर्यंत तोंडपाठ होता.

रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ ला यावर परिपत्रक काढलं. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडं थोडं, ही निवड कर्जदाराला द्यायची. कर्जाचा काही भाग किंवा पूर्ण कर्ज मुदतीआधी फेडण्याची मुभाही हवी. शिवाय दर तिमाहीला आतापर्यंत वसूल झालेलं मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर असं विवरण उपलब्ध करून द्यायचं. म्हणजे आम्ही मागतो तो कागद हा तुमचा हक्कच आहे. शाखेत "असं काही नसतं" म्हणाले तर परिपत्रकाची तारीख सांगा.

"हप्ता कमी करून द्या"

हे काम आम्ही करतो, आणि त्यावर आमचं पोटही चालतं, म्हणून स्पष्ट लिहितो. तुमचं कर्ज आम्ही दुसऱ्या बँकेत नेलं की ती बँक आम्हाला कर्जाच्या रकमेवर कमिशन देते. गावात "फुकट सल्ला" देणारे जे कोणी आहेत त्यांचा सल्ला बहुतेक वेळा 'बीटी करा' (बॅलन्स ट्रान्सफर, म्हणजे कर्ज दुसऱ्या बँकेत न्या) असाच का निघतो, ते यावरून समजून घ्या. आम्ही उतारा तपासायचे ५०० रुपये घेतो. पाचशे रुपये घेतल्यावर "आहात तिथेच राहा" असं सांगायला आम्हाला जड जात नाही. काम झालं तर ते पाचशे वळते करतो.

आता वरचं साडेआठ टक्क्यांचं पहिलं उदाहरण घ्या. पाच वर्षं झाली, बाकी २६ लाख ४४ हजार, उरलेले हप्ते १८०. नवी बँक म्हणते आठ टक्के. अर्धा टक्का कमी. उरलेल्या १५ वर्षांसाठीच कर्ज नेलं तर हप्ता ७६९ रुपयांनी उतरतो आणि शेवटपर्यंत एक लाख ३८ हजार वाचतात. त्यातून प्रोसेसिंग फी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, व्हॅल्युएशन आणि नव्या गहाणाचं मुद्रांक शुल्क वजा करा. उरतं ते बरं असतं, करायला हरकत नाही.

पण नवी बँक मुदत बहुधा पुन्हा २० वर्षांची घालते. मग हप्ता होतो २२,११४. महिन्याला ३,९०० रुपयांहून जास्त वाचले म्हणून माणूस खूश, घरी जाताना पेढे घेऊन जातो. बेरीज करून पाहा : जुन्या बँकेत राहिले असते तर यापुढे ४६ लाख ८६ हजार भरायचे होते, आता भरायचे ५३ लाख ७ हजार. दर कमी होऊनही सव्वासहा लाखांच्या आसपास जास्त. वर टॉप-अप, म्हणजे त्याच घरावर जादा कर्ज, घेऊन गाडी आली तर विचारायलाच नको, ती गाडी वीस वर्षं फिटत राहते.

एखाद्या घराला महिन्याचे ते चार हजार खरोखरच हवे असतात. नोकरी गेली, आजारपण आलं. तेव्हा मुदत वाढवणं चुकीचं नाही, आम्ही स्वतः करून दिलंय. फक्त किंमत माहीत असून करावं.

दुसरीकडे जाण्याआधी आहे त्याच बँकेला विचारा. तुमच्या दरात रेपोवर जो वाढीव टक्का असतो, त्याला स्प्रेड म्हणतात. नव्या ग्राहकाला कमी स्प्रेडने कर्ज देणारी बँक जुन्याला आपणहून तो देत नाही. अर्ज आणि दर बदलून घेण्याची थोडी कन्व्हर्जन फी भरली की बऱ्याचदा दर खाली येतो. यात आम्हाला कमिशन नाही, तरी पहिला सल्ला हाच देतो. तुमचं कर्ज २०१९ च्या आधीचं असेल तर ते अजून एमसीएलआर किंवा बेस रेट या बँकेने स्वतः ठरवायच्या जुन्या दरांवर अडकलंय का तेही उताऱ्यात दिसतं. हाउसिंग फायनान्स कंपनीचं असेल तर तिचा स्वतःचा पायाभूत दर (पीएलआर) असतो. रेपो उतरला म्हणून तिचा दर तेवढा उतरेलच असं नाही.

२०२५ मध्ये रेपो उतरत गेला, फेब्रुवारीत ६.२५ आणि डिसेंबरात ५.२५. अशा वेळी हप्ता कमी करून घेण्याचा मोह होतो. जमत असेल तर हप्ता तोच राहू द्या आणि मुदत खाली येऊ द्या. चढत्या दरात वाढलेली हप्त्यांची संख्या अशीच कमी होते.

बोनसचे पैसे

व्यक्तीच्या नावावर फ्लोटिंग दराचं गृहकर्ज असेल तर मुदतीआधी फेडायला दंड नाही. बँकांसाठी हा नियम २०१२ पासून आहे, तरी अजून लोक घाबरतात. साडेआठ टक्क्यांच्या त्याच तीस लाखांवर दर वर्षी दिवाळीच्या बोनसमधून फक्त एक जादा हप्ता भरला तर कर्ज सव्वातीन वर्षं आधी संपतं आणि व्याजाचे सहा लाखांहून जास्त वाचतात. भरताना अर्जावर लिहून द्या : "मुदत कमी करावी, हप्ता कमी करू नये." हे लिहायचं राहिलं तर काही ठिकाणी हप्ता कमी होतो आणि फायदा पातळ होतो. पोचपावती घ्या. महिन्याने शेड्यूल पुन्हा काढा आणि उरलेले हप्ते मोजा. आधी सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला ठेवा, मगच जादा भरा. कर्जात घातलेला पैसा अडीअडचणीला सहज परत मिळत नाही.

"टॅक्स वाचतो म्हणून फेडत नाही" असं म्हणणारे सर दर वर्षी भेटतात. जुन्या करपद्धतीत स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वजावट वर्षाला जास्तीत जास्त दोन लाख. आपल्या उदाहरणात पहिल्याच वर्षी व्याज अडीच लाखांच्या वर जातं, म्हणजे वरच्या रकमेवर काही नाही. नव्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वजावटच नाही. तीस टक्क्यांच्या स्लॅबमधला माणूसही एक रुपया व्याज भरून तीसेक पैसे वाचवतो. सत्तर पैसे गेले, ते कोणी मोजत नाही.

नवं कर्ज घेणाऱ्यांसाठी

तीस लाख, साडेआठ टक्के, २० ऐवजी ३० वर्षं केली तर हप्ता २,९६८ रुपयांनी कमी होतो आणि व्याज साडेवीस लाखांनी वाढतं. १५ वर्षं केली तर हप्ता साडेतीन हजारांनी वाढतो, पण व्याज सव्वानऊ लाखांनी उतरतं. बिल्डरच्या टेबलावर हे दोन आकडे शेजारी शेजारी कधी ठेवत नाहीत.

कर्जासोबत विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच घातला जातो, तिकडे लक्ष द्या. लाखाचा विमा साडेआठ टक्क्यांनी २० वर्षांत दोन लाख आठ हजारांना पडतो. विमा हवाच, घरात कमावता एकच असेल तर नक्की हवा. पण त्याच कंपनीचा, कर्जात घालूनच घ्यावा असं बंधन नाही. चालू बांधकामात फ्लॅट असेल तर प्री-ईएमआय म्हणजे निव्वळ व्याज, त्याने मुद्दल एक रुपयाही हलत नाही. ताबा लांबला की तो काळही लांबतो.

१ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जासोबत 'की फॅक्ट स्टेटमेंट' द्यावं लागतं. त्यात फी वगैरे धरून खरा वार्षिक दर असतो, आणि हप्त्यांचं वेळापत्रकही. ते तुम्हाला समजेल त्या भाषेत मिळायला हवं, तेव्हा मराठीत मागा. सही करण्याआधी ते घेऊन आलात तर आम्ही नुसतं वाचून समजावून देतो, त्याचे पैसे घेत नाही.

कर्ज संपल्यावर

मूळ खरेदीखत आणि बाकी कागद तीस दिवसांत परत मिळायला हवेत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. फ्लॅट असेल तर सोसायटीला कळवून शेअर सर्टिफिकेटवरची बँकेची नोंद काढून घ्या. रो हाउस किंवा प्लॉट असेल तर सातबाऱ्यावरचा किंवा प्रॉपर्टी कार्डावरचा बोजा आपोआप उतरत नाही. बँकेचं ना हरकत पत्र जोडून अर्ज द्यावा लागतो. दहा वर्षांपूर्वी कर्ज फिटलेलं आणि बोजा तसाच, असे उतारे घर विकायच्या आदल्या आठवड्यात आमच्याकडे येतात. त्या अर्जाचा नमुना काउंटरवर ठेवलाय, घेऊन जा.

भेटीसाठी मंगळवार ते गुरुवार, सकाळी अकराच्या आत. शनिवारी रांग असते. उतारा पहिल्या पानापासूनचा हवा. मोबाइलवरचा स्क्रीनशॉट चालत नाही, त्यात निम्मे आकडे कापलेले असतात.