जपानी सिनेमाच्या सुरवातीलाच गेशा कशा आल्या

जपानी सिनेमा म्हटलं की लोक थेट सामुराईवर जातात, पण त्याच्या कितीतरी आधी गेशा, म्हणजे नाच-गाण्याने गिऱ्हाइकांचं मन रमवणाऱ्या पेशाच्या बायका, कॅमेऱ्यासमोर नाचून गेल्या होत्या.

फ्रान्सच्या ल्युमिए बंधूंचं सिनेमा काढायचं आणि दाखवायचं मशीन जपानला आणलं क्योतोच्या इनाबाता कात्सुतारो नावाच्या व्यापाऱ्याने. हा तरुणपणी फ्रान्सला शिकायला गेलेला, तिथे ओग्युस्त ल्युमिएशी ओळख झाली. फेब्रुवारी १८९७ मधे त्याने ओसाकात तिकीट लावून शो केला तो नानची एन्बुजोमधे, आणि गंमत म्हणजे हे थिएटर गेशांच्याच नाचाचं!

तसं गेशांचा नाच तोवर पब्लिकसमोर आलेलाच होता. पूर्वी तो चहाघरातल्या बंद खोलीत, चार पैसेवाल्या गिऱ्हाइकांपुरता असायचा, पण राजधानी टोक्योला हलली आणि क्योतोचं महत्त्व घसरायला लागलं तेव्हा १८७२ च्या प्रदर्शनात गर्दी खेचायला गिओन या क्योतोतल्या गेशांच्या वस्तीतल्या गेशांना स्टेजवर आणलं, तोच मियाको ओदोरी, अजूनही दर एप्रिलला होतो. म्हणजे फिल्मवाल्यांना तयार मालच मिळाला. रीळ जेमतेम मिनिटभराचं, कॅमेरा जागचा हलत नाही, आवाज नाही, अशात एका जागी सावकाश होणारा छोटा नाच एकदम फिट बसतो. त्यात फॉरेनला गेशांचे फोटो आधीपासून खपत होते, त्यामुळे ल्युमिएच्या कॅमेरामननीही जपानी नाच शूट करून नेले.

जपान्यांपैकी कोनिशी या फोटोसामानाच्या दुकानातला आसानो शिरो यात पुढे होता, त्याच्या गेशा फिल्म्स १८९९ मधे टोक्योच्या काबुकी-झा या थिएटरमधे दाखवल्या. त्याच वर्षी शिबाता त्सुनेकिचीने काबुकी या जपानी पारंपरिक नाटकाचा स्टार दानजुरो नववा याला ‘मोमिजीगारी’ या काबुकी नाटकाच्या फिल्ममधे टिपलं, आणि त्यात राजकन्या झालेला दानजुरो म्हणजे पुरुषच. पुढे गोष्टीचे सिनेमे आले तेव्हाही बायकांची कामं साधारण १९२० पर्यंत बहुतेक पुरुषच करत होते, त्यामुळे सुरवातीच्या पडद्यावर खऱ्याखुऱ्या बाया बघायच्या तर या नाचाच्या तुकड्यांत.

पण त्यात दिसतो तो फक्त नाच. गेशांच्या आयुष्यातलं कर्ज, विकल्या गेलेल्या मुली, गिऱ्हाईक सांभाळायची कसरत, हे एका मिनिटात कुठून येणार? ते नीट आलं दिग्दर्शक मिझोगुचीच्या १९३६ च्या ‘गिओनच्या बहिणी’ या सिनेमामधे, आणि त्याला ते जग घरातूनच माहीत होतं, त्याची सख्खी मोठी बहीण गेशा होती.