वाडी, खिद्रापूर आणि गुऱ्हाळ: कोल्हापुरातून एका दिवसाची सहल

या सहलीचं सगळं वेळापत्रक दुपारच्या साडेबाराभोवती बांधलेलं आहे. त्या वेळी तुम्ही खिद्रापूरच्या कोपेश्वर मंदिरात, स्वर्गमंडपात असायला हवं. पहाटेचं निघणं, नरसोबाच्या वाडीतला आटोपता नाश्ता, उशिराचं जेवण हे सगळं त्याच हिशेबाने मागेपुढे सरकवलं आहे. पत्रक त्यामुळे जरा लांबलंय, पण बुकिंगआधी एकदा वाचा. फोनवर विचारायचे निम्मे प्रश्न इथेच सुटतील.

सुरुवातीला आम्हीही एका दिवसात सहा-सहा ठिकाणं 'करून' द्यायचो. सकाळी जोतिबा, मग इकडे-तिकडे, आणि खिद्रापूरला पोहोचेपर्यंत पाच वाजलेले. उजेड गेलेला, मंडळी दमलेली. एकदा परतीच्या वाटेवर पुण्याच्या एका आजींनी विचारलं, "अहो, ते हत्ती होते ते देऊळ कुठलं?" त्या दिवशी आम्ही नकाशा पुढ्यात घेतला आणि चार ठिकाणं खोडली. आता दोन देवळं, एक मळा, एक गुऱ्हाळ. एवढंच.

सकाळ: नरसोबाची वाडी

कोल्हापुरातून साडेसहाला निघतो. गाडी बारा सीटची, त्याहून जास्त माणसं घेत नाही. हातकणंगले, जयसिंगपूर, शिरोळ या वाटेने वाडी साधारण दीड तासावर आहे. गळीत हंगाम चालू असेल तर दहा-पंधरा मिनिटं जास्त धरा. दोन-दोन ट्रॉल्या लावलेले उसाचे ट्रॅक्टर रस्त्यावर असतात आणि त्यांना घाई नसते.

वाडी म्हणजे कृष्णा-पंचगंगेचा संगम. नृसिंहसरस्वती स्वामींचा इथे बारा वर्षं मुक्काम होता, मग ते गाणगापूरला गेले. म्हणून इथे मूर्ती नाही, औदुंबराखाली पादुका आहेत. पहिल्यांदा येणाऱ्यांना आणखी एक गोष्ट जाणवते: देवळाला नेहमीसारखं उंच शिखर नाही. पावसाळ्यात कृष्णा चढली की पाणी उत्तरेच्या दारातून आत येतं, पादुकांवरून जातं आणि दक्षिणेच्या दारातून बाहेर पडतं. तो दक्षिणद्वार सोहळा. त्या दाराशी स्नान करायला भर पुरात माणसं येतात. आपण जातो तेव्हा नदी घाटाच्या खालच्या पायऱ्यांवर असते, त्यामुळे पाणी कुठवर येत असेल याचा अंदाज चटकन येत नाही. आमचा माणूस भिंतीपाशी उभा राहून हात वर करून दाखवतो, तेव्हा पटतं.

स्नान करायचं असेल तर मोकळीक आहे, पण पंचगंगेच्या पाण्याचं आम्ही फार कौतुक करणार नाही. काही महिने जलपर्णी असते, वासही असतो. पायावर पाणी घेतलं तरी भागतं. पादुकांजवळ जाऊन पूजा-अभिषेक करायचा तर सोवळं लागतं. ते बुकिंगच्या वेळीच सांगा, म्हणजे पुजाऱ्यांशी आधी बोलून ठेवता येतं. गुरुवारी आणि पौर्णिमेला आमची सहल नसते. त्या दिवशी वाडीच्या रांगेतच अकरा वाजतात आणि पुढचा सगळा दिवस कोसळतो.

नाश्त्यानंतर पेढे, बासुंदी आणि कवठाची बर्फी घ्यायला वीस मिनिटं मोकळी ठेवली आहेत. कवठाची बर्फी आंबटगोड असते, सगळ्यांना आवडेल असं नाही. आधी तुकडा चाखून बघा. बासुंदी मात्र इथे वाटीभर खाऊनच घ्या. दिवसभर गाडीत ठेवलेल्या बासुंदीचं काय होतं हे आम्ही दोनदा अनुभवलंय, सीटची कव्हरं धुऊन.

कुरुंदवाड ते खिद्रापूर: खिडकीतून

पंचगंगा ओलांडली की कुरुंदवाड, पटवर्धनांचं जुनं संस्थान. तिथून पुढे सैनिक टाकळीवरून खिद्रापूर. टाकळीच्या नावातच गावाची ओळख आहे, पिढ्यान्पिढ्या इथली मुलं लष्करात जातात. दोन्ही बाजूंना ऊस. बाहेरून आलेल्यांना सगळा ऊस एकसारखाच दिसतो, म्हणून एवढं ओळखायला शिका: जो पुरुषभर उंचीच्याही वर गेलाय आणि वाऱ्याने आडवा पडू लागलाय तो बहुतेक आडसाली, म्हणजे गेल्या वर्षीच्या जुलै-ऑगस्टात लावलेला. गुडघ्याएवढा, सरळ सऱ्यांमध्ये उभा आहे तो नवा. आणि तोडलेल्या बुडख्यातून पुन्हा फुटून आलेला तो खोडवा. वाण विचाराल तर दहातले सात शेतकरी 'शहाऐंशी बत्तीस' म्हणतील. कागदावर तो को ८६०३२.

अधूनमधून हिरव्यागार पट्ट्यात एखादं रान पांढरट, ओसाड दिसेल. मीठ सांडल्यासारखं. ते मीठच आहे. वर्षानुवर्षं पाटाचं पाणी भरमसाट दिलं, निचरा झाला नाही, खालचे क्षार वर आले. शिरोळ तालुक्याचं हे जुनं दुखणं आहे. आता बऱ्याच ठिकाणी जमिनीखाली सच्छिद्र पाईप घालून रानं पुन्हा लागवडीला आणली जात आहेत. 'निसर्गरम्य शेती' बघायला आलात तर हेही बघा, असं आमचं मत आहे. खिडकी त्यासाठीच आहे.

ऊसतोड चालू असेल तर गाडी थांबवू, पण एक विनंती. ही कुटुंबं मराठवाड्यातून सहा-सहा महिने आलेली असतात, पहाटेपासून कोयता चालू असतो. विचारल्याशिवाय फोटो काढू नका, पोरांचे तर नकोच.

साडेबारा: कोपेश्वर

शिलाहारांच्या काळात, बाराव्या शतकात उभारलेलं हे देऊळ. पुढे देवगिरीच्या यादवांकडे मुलूख गेला. दक्षिणेच्या दाराजवळ सिंघणदेव यादवाचा शके ११३६ चा देवनागरी शिलालेख आहे. तो वाचायला जाऊ नका, पण बघा. आठशे वर्षांपूर्वीचं 'श्री' लगेच ओळखू येतं याची गंमत मुलांना फार वाटते.

गोष्ट अशी सांगतात: दक्षाच्या यज्ञात सतीने देह ठेवला, शंकर कोपला, त्याला शांत करायला विष्णू त्याला इथे घेऊन आला. म्हणून गाभाऱ्यात दोन लिंगं, कोपेश्वर शिवाचं आणि धोपेश्वर विष्णूचं. आणि नंदी नाही. सती माहेरी गेली ती नंदीवर बसून, म्हणून नंदी इथून थोड्या अंतरावर, कर्नाटकातल्या यडूरला आहे. शंकराच्या देवळात शिरताना नंदीच्या शिंगांतून दर्शन घ्यायची आपल्याला सवय असते. इथे हात आपोआप पुढे होतो आणि समोर काहीच नसतं.

आता स्वर्गमंडप. मुख्य देवळाच्या पुढे, पूर्वेला, अठ्ठेचाळीस खांबांचा खुला मंडप, आणि मधोमध छत नाहीच. सुमारे तेरा फूट व्यासाचं गोल आकाश. त्याच्या बरोबर खाली तेवढ्याच मापाची गोल शिळा, तिला खंडशिळा म्हणतात. भोवती बारा खांब. एखाद्या खांबावर हात फिरवा: दगड चरकावर कातल्यासारखा गुळगुळीत लागतो, वरून खाली कधी चौकोनी, कधी अष्टकोनी, कधी गोल होत जातो.

साडेबाराला सूर्य माथ्यावर आला की झरोक्यातून उजेडाची एक चकती खाली उतरते. आणि इथे बऱ्याच जणांची थोडी निराशा होते, म्हणून आधीच सांगतो. थंडीत ती खंडशिळेवर पडत नाही. सूर्य दक्षिणेकडे कललेला असतो, त्यामुळे चकती उत्तरेकडच्या खांबांकडे सरकते. डिसेंबरात सगळ्यात लांब. फेब्रुवारी-मार्चमध्ये ती हळूहळू शिळेकडे येऊ लागते. ती शिळेवर नेमकी बसते मेच्या पहिल्या आठवड्याच्या सुमारास आणि पुन्हा ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात, जेव्हा इथे सूर्य खरोखर डोक्यावर येतो. ऑगस्टात बहुधा ढग असतात आणि मेमध्ये दगडावर पाय ठेववत नाही, त्यामुळे दोन्ही वेळा आम्ही जात नाही. पण जानेवारीतली ती सरकलेली चकती खांबांच्या कोरीवकामावर तिरपी चढते तेव्हा जे दिसतं, ते आम्हाला तरी जास्त आवडतं.

कार्तिकी पौर्णिमेला मध्यरात्री चंद्र झरोक्याच्या वर येतो असं तुम्ही ऐकलं असेल. ते खरं आहे, आणि त्याचं कारणही सरळ आहे. थंडीतला पौर्णिमेचा चंद्र साधारण उन्हाळ्यातल्या सूर्याच्या वाटेने आकाश चढतो, म्हणून जवळजवळ डोक्यावर येतो. त्या रात्री गर्दी खूप असते, आणि पौर्णिमेला आम्ही निघत नाही हे वर सांगितलंच आहे. कोल्हापुरातून स्वतंत्र गाडी करून जाता येईल.

आतला सभामंडप अंधारा आहे. मोबाईलचा उजेड अपुरा पडतो, आमच्याकडे दोन चांगले टॉर्च असतात. बाहेरून पाठीमागे फिरा: सगळं देऊळ हत्तींच्या पाठीवर उभं आहे. बऱ्याच हत्तींच्या सोंडा तुटलेल्या आहेत. तरीही एकाची झूल आणि घंटा दुसऱ्यासारखी नाही, हे शोधत बसलात तर अर्धा तास सहज जातो. वेळ आहे, बसा. देऊळ पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणात आहे, ट्रायपॉड आणि ड्रोन परवानगीशिवाय चालत नाही. गावातच आदिनाथाचं जुनं जैन मंदिरही आहे, इच्छा असेल त्यांना तिथेही घेऊन जातो.

जेवण आणि मळा

दीड-पावणेदोनला जवळच्या एका मळ्यावर जेवण. ज्वारीची भाकरी, कृष्णाकाठच्या वांग्यांचं भरलं वांगं, झुणका, खर्डा, दही, कांदा. नदीकाठच्या गाळाच्या रानातलं वांगं शिजलं की लोण्यासारखं होतं. खर्डा मागताना आधी थोडा मागा. तिखट नको असेल तर बुकिंगच्या वेळी सांगा, ऐनवेळी वांग्यातलं तिखट काढता येत नाही. मांसाहार नाही. तांबडा-पांढरा रस्सा रात्री कोल्हापुरात आहेच.

जेवणानंतर तासभर कुणी झाडाखाली आडवं होतं, कुणी विहिरीवर जातं. आम्ही कार्यक्रम ठेवत नाही. जानेवारीत हुरडा असला तर तो.

संध्याकाळ: गुऱ्हाळ

परतताना कोल्हापूरच्या अलीकडे एका गुऱ्हाळावर थांबतो. रस काहिलीत उकळत असतो, खाली चुलवाणात वाळलेलं चिपाड सारत असतात. भेंडीच्या झाडाचं चिकट पाणी रसात टाकलं की मळी वर येते, ती झाऱ्याने काढत राहायची. एका आधणाला अडीच-तीन तास लागतात. १०५ अंशांच्या आसपास काकवी, म्हणजे पातळ गूळ, आणि ११८ ला घट्ट गूळ. पण गुळव्याकडे थर्मामीटर नसतो. तो थेंबभर पाक गार पाण्यात टाकतो, बोटांत गोळी वळतो, भांड्यावर आपटतो. 'टक्' आवाज आला की काहील उतरवायची. मिनिटभर उशीर झाला तर गूळ करपतो, आधी उतरवली तर रवा धरत नाही. काहील उतरताना सगळ्यांनी मागे व्हायचं, मुलांचा हात धरायचा. यात चेष्टा नाही.

कोल्हापुरी गुळाला २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. इथला गूळ तुम्हाला दुकानातल्यापेक्षा काळसर वाटेल. पिवळाधमक गूळ हवा म्हणून गिऱ्हाईक आग्रह धरतं, आणि तो रंग पुष्कळदा पावडर टाकून आणलेला असतो. आम्ही जातो तिथे ती टाकत नाहीत.

हिशेब आणि तारखा

दर माणशी १,८५० रुपये, दहा वर्षांखालच्या मुलांना १,१००. त्यात गाडी, नाश्ता, जेवण, चहा आणि माहिती सांगणारा माणूस. अभिषेक, दक्षिणा आणि खरेदी तुमची. सहल ऑक्टोबरअखेर ते मार्च, शनिवार-रविवार. दहाजणांचा गट असेल तर मधल्या वारीही निघू, गुरुवार सोडून. जुलै ते सप्टेंबर कितीही आग्रह केलात तरी नाही. २००५, २०१९ आणि २०२१ च्या महापुरांत हा सगळा पट्टा पाण्याखाली होता. शिरोळच्या रस्त्यांवर पाणी किती लवकर चढतं हे आम्ही डोळ्यांनी बघितलंय.

तीन दिवस आधी रद्द केलंत तर पैसे पूर्ण परत, आदल्या दिवशी केलंत तर निम्मे.

'यात अंबाबाई का नाही?' हा प्रश्न रोज येतो. आदल्या संध्याकाळी कोल्हापुरात पोहोचा आणि निवांत दर्शन घ्या, तिला गाडीतून उतरून अर्ध्या तासात उरकू नये. नोव्हेंबरात आणि जानेवारी-फेब्रुवारीच्या सांध्यावर किरणोत्सव असतो, तेव्हा खोली आधीच ठरवा.

वाडीच्या घाटाला पायऱ्या आहेत. गुडघ्यांचा त्रास असणाऱ्यांनी वरूनच दर्शन घेतलं तरी चालतं. स्वच्छतागृह वाडीत आणि मळ्यावर ठीक आहे, खिद्रापुरात भरवसा नको. देवळात चप्पल नाही आणि दुपारी फरशी चटके देते, म्हणून जाड मोजे आणा. आणि घरून एक घट्ट झाकणाचा स्टीलचा डबा. गुऱ्हाळावर गरम काकवी मिळते, आणि प्लास्टिकच्या पिशवीतून ती घरापर्यंत पोहोचलेली आम्ही अजून पाहिलेली नाही.