अस्वस्थ तपासनायक (थरारकथा)

अस्वस्थ तपासनायक : गुन्हेकथेतील, विशेषतः थरारकथेतील एक पात्रप्रकार. हिंसक अतिरेक्यांचा माग काढणारा, पण स्वतः आतून खचलेला पोलिस अधिकारी किंवा डिटेक्टिव्ह असे त्याचे स्थूल रूप असते. दारू, निद्रानाश, मोडलेला संसार, जुन्या तपासात आपल्या चुकीने गेलेला एखादा जीव ही त्याची नेहमीची ओळख. पण एवढ्याने हे पात्र उभे राहत नाही. त्याची व्यथा तपासाच्या आड आली, तपासाला वळण देऊ लागली, तरच ते खरे वाटते.

शेरलॉक होम्सशी तुलना केली की हा फरक लक्षात येतो. १८९० मधील ‘द साइन ऑफ फोर’ची सुरुवात होम्स कोकेनची सुई टोचून घेतो तिथून होते. मात्र हातात काम आले की त्याचे डोके लख्ख चालते. त्याचे व्यसन रिकाम्या वेळेपुरते आहे. अस्वस्थ तपासनायकाला अशी सोय नसते. तो कामाला लागतो तेव्हाच त्याचा त्रास वाढतो.

अतिरेकी आणि पोलिस यांना समोरासमोर आणणाऱ्या आरंभीच्या महत्त्वाच्या कादंबऱ्यांत जोसेफ कॉनरॅडची ‘द सीक्रेट एजंट’ (१९०७) येते. १८९४ मध्ये लंडनच्या ग्रिनिच वेधशाळेजवळ एका अराजकवाद्याच्या हातातच बाँब फुटून तो मेला होता; त्या घटनेचा आधार तिला आहे. तिच्यातला इन्स्पेक्टर आपला खबऱ्या उघडा पडू नये म्हणून संशय दुसऱ्याच माणसाकडे वळवू पाहतो, तर त्याच्या वरिष्ठाला त्या माणसाला वाचवण्यात घरगुती कारणाने रस असतो. तपास करणाराही स्वार्थात आणि नात्यांत अडकलेला असतो, हे कॉनरॅडने फार लवकर ओळखले.

रूढ रहस्यकथेत आधी प्रेत सापडते, मग शोध सुरू होतो. अतिरेक्यांच्या मागावरील कथेत मोठा गुन्हा बहुधा अजून घडायचा असतो. नायकाजवळ असतात ते अर्धवट धागेदोरे, पाळतीवरच्या माणसांचे अहवाल, पैशांसाठी किंवा सूडापोटी बोलणारा खबऱ्या, आणि संपत चाललेला वेळ. संशयिताला आज उचलले तर बाकीचे निसटतील, उद्यावर टाकले तर माणसे मरतील. या पेचातून त्याची झोप उडते. दुसरे कारण अधिक खोल आहे. अतिरेकी स्वतःच्या सत्याबद्दल निःशंक असतो, तपास करणाऱ्याला मात्र रोज शंकेवरच जगावे लागते. शिवाय तो स्वतः एकटा पडलेला असल्यामुळे, एकाकी तरुणाला गटात आपलेपणा का वाटला असेल, हे त्याला सहकाऱ्यांच्या आधी कळते. या कळण्याची त्याला भीतीही वाटते.

स्वीडिश लेखक हेनिंग मँकेल यांच्या १९९१ मधील पहिल्या वॉलंडर-कादंबरीत हे सारे एकत्र येते. खेड्यातल्या वृद्ध शेतकरी जोडप्यावर अमानुष हल्ला होतो. मरण्यापूर्वी पत्नी ‘परदेशी’ एवढाच शब्द उच्चारते. तो शब्द बाहेर फुटतो आणि निर्वासितांवर हल्ले सुरू होतात. तपास करणारा पोलिस अधिकारी कर्ट वॉलंडर याची बायको नुकतीच सोडून गेली आहे, वडिलांचे भान हरपत चालले आहे. एका रात्री दारू पिऊन गाडी चालवताना त्याला त्याच्याच खात्यातले पोलिस अडवतात आणि प्रकरण दाबतात. कायद्याच्या नावाने द्वेषाशी लढणाऱ्या माणसाला आपण कायद्यातून सुटलो हे मनात बाळगावे लागते. कोणत्याही पाठलागापेक्षा हा प्रसंग कादंबरीला अधिक वजन देतो.

या प्रकाराचा साचा झाला तो नंतरच्या अनुकरणांत. बाटली आणि घटस्फोट एवढ्या भांडवलावर नायक उभा केला जातो, आणि त्याची पत्नी तक्रार करण्यापुरती उरते. त्याहून गंभीर दोष म्हणजे मारहाण करून काढलेली माहिती हमखास खरी निघते. प्रत्यक्षात जिवाच्या भीतीने माणूस समोरच्याला हवे ते बोलतो. अतिरेक्यांना चेहरा न देता एका अख्ख्या समाजावर संशय टाकणे हाही असाच आळस.

तो आळस टाळल्याचे उत्तम उदाहरण म्हणजे माय शोवाल आणि पेर वाहलो या जोडप्याची मार्टिन बेक-मालिका (१९६५–७५, १० कादंबऱ्या). मालिकेच्या आरंभी पोटाच्या दुखण्याने आणि कोरड्या संसाराने गांजलेला पोलिस अधिकारी बेक शेवटच्या कादंबरीत अमेरिकी सिनेटरच्या संरक्षणाची जबाबदारी घेतो. आंतरराष्ट्रीय दहशतवादी टोळीचा कट तो खरोखरच उधळतो. पण सारी यंत्रणा त्या टोळीकडे डोळे लावून बसलेली असताना स्वीडनच्या पंतप्रधानांवर गोळी झाडते ती कोणत्याच गटाची नसलेली, सरकारी कार्यालयांनी वाऱ्यावर सोडलेली एक तरुण आई.