परफॉर्मन्स आर्टमधलं रक्त, विधी आणि जुन्या जखमा आल्या कुठून

परफॉर्मन्स आर्ट म्हणजे कलाकार स्वतःचं शरीरच माध्यम करून लोकांपुढे करतो ती कला; त्यात कोणी अंगावर रक्त घेतलं की लगेच "सैतानपूजा" म्हणून ओरड सुरू होते. गंमत म्हणजे खरा मंत्रतंत्रवाला माणूस यात फार आधी येऊन गेलाय. अलिस्टर क्रोलीने 1910 मध्ये लंडनच्या कॅक्स्टन हॉलमध्ये चक्क तिकीट लावून सात ग्रहांचे विधी केले, धूप, कविता, लैला वॅडेलचं व्हायोलिन, सगळा थाट. पेपरवाल्यांनी धुऊन काढलं. पण त्यात कुणाचं स्वतःचं दुखणं नव्हतं.

ते आलं महायुद्धानंतर. व्हिएन्नातला हर्मन नित्श 1938 चा, म्हणजे लहानपण युद्धातच गेलेलं, 1960 च्या दशकात तो मेलेली कोकरं, आतडी आणि रक्त घेऊन चर्चच्या पूजेसारखे लांबलचक सोहळे करायला लागला, 1998 मध्ये तर सलग सहा दिवसांचा. त्याचा साथीदार गुंटर ब्रुस 1968 च्या व्हिएन्ना युनिव्हर्सिटीतल्या कार्यक्रमासाठी सहा महिन्यांची शिक्षा झाल्यावर बर्लिनला पळाला. मला यातलं निम्मं तरी नाझी काळाबद्दल गप्प बसलेल्या ऑस्ट्रियाला डिवचणंच वाटतं. इंग्लंडमध्ये जेनेसिस पी-ऑरिज या कलाकारानेही आपल्याकडच्या लोकांना असंच डिवचलं, आणि मग 1981 मध्ये सरळ जादूविद्येचा पंथच काढला.

विधी आणि स्वतःची जखम खरी एकत्र आली ती आना मेंडिएटाकडे. 1961 मध्ये 12 वर्षांची असताना तिला बहिणीबरोबर क्युबातून अमेरिकेला पाठवलं, आईवडील मागेच, वडील पुढे तुरुंगात, आणि या दोघी आयोवात अनाथाश्रम नाहीतर परक्यांची घरं असं करत वाढल्या. 1973 मध्ये मेक्सिकोतल्या यागुलला ती झापोटेक या तिथल्या मूळ लोकांच्या एका जुन्या थडग्यात उघडी झोपली, अंगभर पांढरी फुलं, इतकी की चेहरा दिसत नाही, जणू फुलं अंगातूनच उगवलीत. पुढे पुढे तर ती स्वतः फोटोत नसायचीच, मातीत नुसता अंगाचा आकार, कधी तो पेटवलेला, कधी पाण्याने भरलेला. क्युबातल्या सांतेरिया या आफ्रिकन मुळाच्या धर्माच्या गोष्टी ती लहानपणीच ऐकून होती, त्यामुळे हे उसनं वाटत नाही.

अमेरिकन परफॉर्मर रॉन अॅथीचंही तसंच, कट्टर पेंटेकोस्टल (एक ख्रिस्ती पंथ) घर, मोठा होऊन धर्मोपदेशक होणार असं ठरलेलं, झाला काय तर ड्रग्ज आणि मग एचआयव्ही. 1994 मध्ये मिनियापोलिसला त्याने डॅरिल कार्ल्टनच्या पाठीवर ब्लेडने नक्षी कापली, पेपर टॉवेलवर रक्ताचे ठसे घेतले आणि ते दोरीवरून लोकांच्या डोक्यावर सरकवले. बातमी काय पसरली तर एचआयव्हीचं रक्त प्रेक्षकांवर टपकलं! कार्ल्टनला एचआयव्ही नव्हताच. यात सरकारी पैसा जेमतेम 150 डॉलरचा, पण त्यावरून अमेरिकन सिनेटमध्ये कला अनुदानाची पार चिरफाड झाली.

मूळच्या युगोस्लाव्हियातल्या मरीना अब्रामोविचने 1997 च्या व्हेनिस बिएनाले या कलाप्रदर्शनात तिथल्याच युद्धावर गाईची रक्ताळलेली हाडं चार दिवस बसून घासली, वर लहानपणची गाणी म्हणत, आणि तिथला गोल्डन लायन पुरस्कार मिळवला. तरी 2016 मध्ये एका लीक झालेल्या ईमेलमधल्या डिनरच्या आमंत्रणावरून ती सैतानपूजक ठरली, आणि 2020 मध्ये त्याच अफवेवाल्यांनी इतका गोंधळ घातला की मायक्रोसॉफ्टने ती असलेली आपली जाहिरात काढूनच टाकली.