स्केमॅटिकवरून लॅपटॉप मदरबोर्डची दुरुस्ती (खानदेश)

मदरबोर्डचा विद्युत आराखडा समोर ठेवून, एकेक लाइन (वीजपुरवठ्याची वाट) मोजत बिघाडापर्यंत पोहोचण्याची पद्धत. जळगाव, धुळे, नंदुरबारच्या दुकानांत आराखड्याला 'स्केमॅटिक' आणि बंद पडलेल्या बोर्डाला 'डेड' म्हणतात. गिऱ्हाईक अहिराणीत एवढंच सांगतं, "चालूच व्हत नही."

स्केमॅटिक शोधायचे ते बोर्डावर छापलेल्या क्रमांकावरून. झाकणावरचे मॉडेल पुरत नाही. एकाच मॉडेलमध्ये वेगवेगळे बोर्ड निघतात. कॉम्पाल या लॅपटॉप बनवणाऱ्या कंपनीच्या बोर्डांवर हा क्रमांक 'एलए'ने सुरू होतो. पाने बरीच असली तरी कारागीर आधी पॉवर सिक्वेन्स, म्हणजे कोणता पुरवठा कुणानंतर येतो तो क्रम, उघडतो. अडॅप्टरचे १९ व्होल्ट मॉस्फेटमधून (विजेवर चालणाऱ्या स्विचमधून) मुख्य लाइनवर येतात. त्यातून ३.३ आणि ५ व्होल्ट तयार होतात, ईसी चिप (बटण आणि पुरवठे सांभाळणारी) जागी होते. बटण दाबल्यावर रॅमचा पुरवठा (डीडीआर४ असेल तर १.२ व्होल्ट) येतो आणि बऱ्याच उशिरा प्रोसेसरचा. एक पायरी अडली की पुढच्या सगळ्या अडतात, म्हणून पहिली न आलेली लाइन गाठायची.

लाइन शॉर्ट (थेट ग्राउंडला चिकटलेली) असेल तर डीसी सप्लायवर अँपिअरचा काटा चढतो आणि व्होल्टेज बसते. मग त्या लाइनवर बाहेरून साधारण १ व्होल्ट सोडून बोर्डावर आयसोप्रोपिल अल्कोहोल फिरवतात. जिथे ते आधी उडून जाते तिथला भाग तापतोय. बहुधा तो तांदळाच्या कणीएवढा कपॅसिटर निघतो. लाइनचे मूळ व्होल्टेज स्केमॅटिकमध्ये बघितल्याशिवाय हा प्रयोग करू नये. शिकाऊ पोरं प्रोसेसरच्या कॉइलवर मीटरचा बझर वाजला की "शॉर्ट आहे" म्हणून मोकळी होतात. तिथला रोध मुळातच फार कमी असतो, म्हणून चांगल्या बोर्डावरही बझर वाजतो.

इथल्या उन्हाळ्यात पारा ४५ अंशांपर्यंत जातो आणि पंख्यामागच्या जाळीत धुळीची गादी बसते. दहा मिनिटे चालून बंद पडणाऱ्या लॅपटॉपसाठी स्केमॅटिक उघडण्याआधी ब्रश हातात घ्यावा.

भागाचा क्रमांक कळला तरी तो बोर्डावर नेमका कुठे बसलाय ते बोर्डव्ह्यू फाइल दाखवते. ती नसेल तर त्याच क्रमांकाचा चांगला बोर्ड शेजारी ठेवून रीडिंग जुळवतात. भंगारातले बोर्ड जपून ठेवतात ते यासाठीच. सगळ्या लाइनी आल्या आणि तरीही स्क्रीन काळीच राहिली, तर आठ पायांच्या बायोस चिपचा (लॅपटॉप सुरू करणारा प्रोग्रॅम साठवणारी चिप) संशय येतो. तिथे स्केमॅटिक लागते ते चिप शोधण्यापुरते. पुढचे काम प्रोग्रॅमरचे, म्हणजे चिपमध्ये प्रोग्रॅम भरणाऱ्या यंत्राचे.