आग सोपी, पंप अवघड: रॉकेट इंजिन इथवर कसं आलं

२३ ऑगस्ट २०२३ ला चांद्रयान ३ उतरलं आणि तेव्हापासून आपल्याकडे जळगाव, चोपडा, शिरपूर कुठेही जा, शाळेतली पोरं एक प्रश्न हमखास विचारतात, की वर तर हवाच नाही, मग रॉकेट रेटतं कशाला भो? प्रश्न अगदी रास्त आहे. १९२० मध्ये न्यूयॉर्क टाइम्सने हाच मुद्दा काढून रॉबर्ट गोडार्ड या अमेरिकन प्राध्यापकाला अग्रलेखात वेड्यात काढलं होतं, आणि चूक छापून मान्य केली ती १७ जुलै १९६९ ला, माणसं चंद्राच्या वाटेवर असताना. गोडार्ड तोवर वारला होता, याचं मला अजून वाईट वाटतं.

उत्तर असं, की इंजिनाच्या बंद कोठीत जळालेला वायू सगळ्या बाजूंनी दाब देतो, डावी-उजवी बाजू एकमेकांना काटते, पण खालच्या बाजूला भोक आहे म्हणून तिथला दाब बाहेर निघून जातो आणि वरच्या भिंतीवरचा दाब तसाच शिल्लक राहतो, तोच रॉकेटला पुढे नेतो. बाहेर हवा असो नसो, काही अडत नाही, उलट नसली तर जोर थोडा जास्तच मिळतो.

आता इतिहास. जळतं दारूसामान नळीत भरून सोडणं आपल्याकडे जुनंच आहे, हैदर अली आणि टिपूच्या फौजेने लोखंडी नळीचे बाण वापरले, लोखंडामुळे आत दाब जास्त धरता आला आणि पल्ला वाढला, ते बघून इंग्रजांच्या काँग्रीव्हने १८०० नंतर स्वतःची रॉकेटं बनवली. भुसावळच्या ऑर्डनन्स फॅक्टरीत लष्कराच्या ज्या पिनाक रॉकेटचे पॉड, म्हणजे ती सोडायच्या नळ्यांचे जुडगे, बनतात ते रॉकेटही घन इंधनाचंच. घन इंधन साठवायला सोपं, पण एकदा पेटलं की थांबवता येत नाही आणि हवं तसं कमी-जास्त करता येत नाही.

म्हणून गोडार्ड द्रव इंधनाकडे वळला. १६ मार्च १९२६, ऑबर्न, मॅसॅच्युसेट्स, पेट्रोल आणि द्रव ऑक्सिजन, उड्डाण अडीच सेकंदांचं, उंची साधारण १२ मीटर, आणि पडलं नात्यातल्या एका बाईच्या कोबीच्या शेतात. नॉझल, म्हणजे आधी अरुंद होऊन पुन्हा रुंद होणारं तोंड, त्याने घेतलं स्वीडनच्या गुस्ताफ दे लाव्हालकडून, ज्याने ते वाफेच्या टर्बाइनसाठी काढलं होतं. हाच माणूस दुधातली साय काढायच्या सेपरेटरचाही कर्ता, आणि टर्बाइनच्या मागे लागला तोही सेपरेटर फिरवायला! डेअरीपासून रॉकेटपर्यंतची ही ओळ मला फार आवडते.

पण खरी गोष्ट इथून पुढे आहे. आग लावणं कधीच फार अवघड नव्हतं, अवघड आहे ते त्या आगीला सेकंदासेकंदाला इंधन पुरवणं. कोठीत आधीच प्रचंड दाब, त्यात इंधन घुसवायचं तर त्याहून जास्त दाब पाहिजे, टाक्याच तेवढ्या जाड केल्या तर रॉकेट जागचं हलणार नाही. म्हणून पंप. जर्मनीचं दुसऱ्या महायुद्धातलं व्ही २ रॉकेट पहिल्यांदा धड उडालं ३ ऑक्टोबर १९४२ ला, त्यात हायड्रोजन पेरॉक्साइडच्या वाफेवर टर्बाइन फिरायचं, टर्बाइनवर पंप, आणि पंप सेकंदाला सव्वाशे किलोच्या आसपास अल्कोहोल आणि द्रव ऑक्सिजन कोठीत ढकलायचा. अल्कोहोल जळायच्या आधी कोठीभोवतीच्या कवचातून फिरवायचे म्हणजे भिंत वितळत नाही, ही युक्ती आजही तशीच चालू आहे. मात्र हे रॉकेट छळछावणीतल्या कैद्यांकडून बनवून घेतलं आणि त्यात हजारोंनी मेले, हे सांगितल्याशिवाय व्ही २ चं कौतुक करू नये.

माणसं चंद्रावर नेणाऱ्या सॅटर्न ५ रॉकेटच्या एफ १ इंजिनाचा टर्बोपंप, म्हणजे टर्बाइनवरचा पंप, तर ५५ हजार हॉर्सपॉवरचा होता, एकेक इंजिन सेकंदाला अडीच टन इंधन-ऑक्सिजन प्यायचं. तिथे नवीन दुखणं निघालं, कोठीतली ज्वाळा हेलकावे खायला लागायची आणि इंजिन स्वतःच फुटायचं. मग इंजिनिअरांनी चालू इंजिनात मुद्दाम छोटे बॉम्ब फोडले, हेलकावा उठवला आणि तो आपोआप शांत होतो का बघितलं, कोठीत इंधन फवारणाऱ्या इंजेक्टरची रचना बदलत बदलत शेवटी सेकंदाच्या दहाव्या हिश्श्यात तो विझायला लागला. मला तर चंद्रावरच्या पावलापेक्षा हे जास्त थरारक वाटतं.

भारताकडे यायचं तर विकास इंजिन. १९७४ मध्ये फ्रान्सच्या एसईपी या कंपनीशी करार झाला, इस्रोचे नंबी नारायणन आणि त्यांची टीम तिकडे जाऊन व्हायकिंग इंजिनावर काम करून शिकली, १९८५ मध्ये आपलं इंजिन तिथेच चाचणीत पास झालं, आणि आज पीएसएलव्हीपासून एलव्हीएम ३ पर्यंतच्या इस्रोच्या रॉकेटांत ते चालतंय.

क्रायोजेनिकने, म्हणजे अतिथंड करून द्रव केलेल्या वायूंवर चालणाऱ्या इंजिनाने, मात्र वीसेक वर्षं घाम काढला. द्रव हायड्रोजन म्हणजे उणे २५३ अंश, आपल्याकडे मे महिन्यात पारा ४५ वर गेलेला असतो तेव्हा हा आकडा नुसता वाचला तरी विश्वास बसत नाही. १९९१ मध्ये सोव्हिएत संघाच्या ग्लावकॉसमॉस या संस्थेशी करार झाला, १९९२ मध्ये अमेरिकेने निर्बंध घातले, १९९३ मध्ये रशियाने तंत्रज्ञान द्यायचं नाकारलं आणि तयार टप्पे तेवढे दिले. मग स्वतःच बनवायला घेतलं. १५ एप्रिल २०१० ला जीएसएलव्ही रॉकेटच्या डी ३ या उड्डाणात क्रायो इंजिन पेटलं खरं, पण इंधनाचा बूस्टर टर्बोपंप बंद पडला आणि सगळं बंगालच्या उपसागरात गेलं.

हा बूस्टर पंप कशासाठी, ते केळीला पाणी भरणाऱ्याला समजवायची गरज नाही. बोअरचं पाणी खाली गेलं की मोटर हवा ओढते, आवाज बदलतो, पाणी येत नाही आणि मोटर जळायची भीती, तसंच मोठ्या पंपाच्या तोंडाशी दाब कमी पडला की द्रवात बुडबुडे होतात आणि पंप मोकळा पळतो. म्हणून आधी छोटा पंप लावून तोंडाशी दाब राखायचा. ५ जानेवारी २०१४ ला जीएसएलव्हीचं डी ५ उड्डाण यशस्वी झालं, पण १२ ऑगस्ट २०२१ ला एफ १० पुन्हा फसलं, कारण हायड्रोजन टाकीचा एक व्हॉल्व्ह गळला, दाब उतरला आणि हाच बूस्टर पंप नीट चालला नाही.

अंतराळयानावरच्या थ्रस्टरना, म्हणजे छोट्या इंजिनांना, पंपच नसतो. हेलियमच्या दाबाने दोन द्रव एकत्र येतात आणि भेटल्याबरोबर आपोआप पेटतात, काडी लागत नाही. मंगळयानाचं मुख्य इंजिन ४४० न्यूटनचं, म्हणजे जमिनीवर ४५ किलो वजन पेलेल एवढंच. १ डिसेंबर २०१३ ला बंद केलेलं ते इंजिन २४ सप्टेंबर २०१४ ला परत चालवायचं होतं, मध्ये दहा महिने व्हॉल्व्ह आणि नळ्या गंजणाऱ्या रसायनाच्या संगतीत. म्हणून दोन दिवस आधी ४ सेकंद चालवून बघितलं, नाहीच पेटलं तर ८ छोटे थ्रस्टर वापरायची तयारी होती. पेटलं. त्याहून नाजूक म्हणजे विजेवरचे थ्रस्टर, झेनॉन वायूला विद्युतभार देऊन फेकायचा, जोर काही ग्रॅम वजनाइतका पण दिवसच्या दिवस चालतं. सोव्हिएत उपग्रहांवर ते १९७० च्या दशकापासून आहेत, आपण २०१७ च्या जीसॅट ९ वर बसवले.

आता तमिळनाडूतल्या महेंद्रगिरीला केरोसीन आणि द्रव ऑक्सिजनवरचं सेमीक्रायो, म्हणजे दोनांपैकी एकच द्रव अतिथंड असलेलं, इंजिन घडतंय, २००० किलोन्यूटनचं. मार्च २०२५ मध्ये त्याची जी हॉट टेस्ट झाली त्यात मुख्य जळणाची कोठी लावलीच नव्हती, प्रीबर्नर (टर्बाइन फिरवायला आधी थोडं इंधन जाळणारा भाग), टर्बोपंप आणि कंट्रोलचे भाग एवढंच चालवून बघितलं.