गुत्तेदार आमदार होतो, मग सरपंच का अडकतो?

निवडणूक लागली की मराठवाड्यातल्या कुठल्याही पारावर एक वाक्य ऐकू येतंच: "त्याच्याकडं सरकारी कामं हायेत, फॉर्म उडणार त्याचा." बहुतेक वेळा फॉर्म, म्हणजे उमेदवारी अर्ज, उडत नाही. आमदारकीचा नियम वेगळा आणि ग्रामपंचायतीचा वेगळा. एकाबद्दल ऐकलेलं लोक दुसऱ्याला लावतात.

आमदार-खासदारांना लोकप्रतिनिधित्व अधिनियम, १९५१ चं कलम ९अ लागू होतं. उमेदवाराने स्वतः, आपल्या धंद्याचा भाग म्हणून, संबंधित सरकारशी माल पुरवण्याचा किंवा सरकारने हाती घेतलेलं काम करण्याचा करार केलेला असला, तर तो चालू असेपर्यंत माणूस अपात्र. वाचायला कडक वाटतं, पण यातला जवळपास प्रत्येक शब्द सुटायची वाट आहे.

'संबंधित सरकार' म्हणजे विधानसभेसाठी राज्य सरकार आणि लोकसभेसाठी केंद्र सरकार. समजा, अंबडच्या एका गुत्तेदाराकडे, म्हणजे ठेकेदाराकडे, सार्वजनिक बांधकाम खात्याच्या रस्त्याचं काम आहे. त्याला विधानसभा लढवता येणार नाही, लोकसभा मात्र येईल. रस्ता जिल्हा परिषदेचा असेल तर हे कलम आड येत नाही, कारण जिल्हा परिषद ही स्वतंत्र संस्था, राज्य सरकार नव्हे. करार प्रायव्हेट लिमिटेड कंपनीच्या नावावर असेल तर तो कंपनीचा, संचालकाचा नव्हे. भागीदारी पेढीचा असला तर मात्र भागीदार सुटत नाही. आणि गोदावरीचा वाळूघाट? तिथे माणूस सरकारचं काम करत नाही, सरकारकडून वाळू उपसण्याचा हक्क विकत घेतो. हरियाणातल्या खाणपट्ट्याच्या प्रकरणात २००१ साली सर्वोच्च न्यायालयाने हेच धरलं: 'काम' म्हणजे रस्ते, इमारती, धरणं यांसारखी सरकारने अंगावर घेतलेली कामं; खाणपट्टा त्यात बसत नाही.

थकलेल्या बिलाचा प्रश्न तर आपल्याकडे हमखास निघतो. काम होऊन दोन आर्थिक वर्षं उलटली, पैसे आले नाहीत, मग करार चालू धरायचा का? एकेकाळी उत्तर 'हो' होतं. पहिल्या लोकसभा निवडणुकीत भंडाऱ्याचे चतुर्भुज जसानी सरकारला विड्या पुरवणाऱ्या पेढीचे भागीदार होते. १९५४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की दोन्ही बाजूंनी आपापला वाटा पुरा करेपर्यंत, म्हणजे पैसे चुकते होईपर्यंत, करार जिवंत असतो. १९६६ मध्ये कलम ९अ आलं आणि सोबत स्पष्टीकरणही आलं: तुमचं काम पूर्ण झालं असेल, तर निव्वळ सरकारने बिल थकवलं म्हणून करार चालू आहे असं म्हणता येणार नाही. त्यामुळे आता भांडण बिलावर होत नाही. छाननीच्या दिवशी काम खरंच पूर्ण होतं का, यावर होतं. ऐन वेळी भावाच्या नावाने बाँडवर लिहून देणारेही असतात; खात्याने ते मान्य केलं नसेल तर त्या कागदाने करार बदलत नाही.

आता ग्रामपंचायत. तिथे ९अ नाही. महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियमाचं कलम १४(१)(ग) आहे आणि त्याची भाषाच निराळी. पंचायतीच्या आदेशाने झालेल्या कामात किंवा पंचायतीच्या करारात सदस्याचा प्रत्यक्ष वा अप्रत्यक्ष, स्वतःचा वा भागीदारामार्फत, हिस्सा किंवा हितसंबंध असला की तो अपात्र. करारावर त्याची सही असलीच पाहिजे असं नाही. नालीच्या कामावर सरपंचाचा ट्रॅक्टर चालला, भाड्याचा चेक दुसऱ्याच्या नावाने निघाला आणि पैसा सरपंचाकडे फिरला, एवढं सिद्ध झालं तरी पुरे. मात्र नुसतं नातं दाखवून भागत नाही, पैशाचा संबंध दाखवावा लागतो. पुतण्याने सिमेंट पुरवलं म्हणून चुलता आपोआप जात नाही. अर्ज जिल्हाधिकाऱ्यांकडे करायचा, पुढे अपील, आणि प्रकरण ताणलंच तर उच्च न्यायालयाचं छत्रपती संभाजीनगरचं खंडपीठ.

याची उलट बाजू लोकांच्या लक्षात येत नाही. बांधकाम खात्याची कोट्यवधींची कामं असलेला गुत्तेदार या कलमाखाली सरपंचकीला अडत नाही, कारण इथे प्रश्न फक्त त्याच पंचायतीच्या कामांचा. जिल्हा परिषद सदस्यांसाठी १९६१ च्या कायद्यातही असंच 'हिस्सा किंवा हितसंबंध' आहे. तिथे जिल्हा परिषद आणि पंचायत समितीची कामं पाहतात.

मला खटकतं ते असं की 'हिस्सा किंवा हितसंबंध' हे शब्द १९५१ च्या मूळ कायद्यात आमदार-खासदारांनाही लागू होते. दुसऱ्याच्या नावावर स्वतःच्या फायद्यासाठी घेतलेला ठेकाही त्यात येत होता. पुढच्या दुरुस्त्यांत संसदेने आपल्यापुरते ते काढून टाकले. गावपातळीवर मात्र ते तसेच राहिले. त्यामुळे ट्रॅक्टरच्या भाड्यावरून सरपंचाचं पद जाऊ शकतं, आणि कंपनी काढून राज्यभर रस्ते करणारा विधानसभेचा फॉर्म बिनधास्त भरतो.